प्रगती समाधानकारक नाही

माझी आई डहाणूच्या मच्छी मार्केटात बसायची आणि मी विद्यापीठात सैद्धांतिक भौतिकशास्त्र शिकवायचो. माझी ओळख करून देणाऱ्या प्रत्येकाला ही दोन वाक्यं एकापुढे एक ठेवायला फार आवडायचं. शाळेचं गॅदरिंग असो, समाजाचा सत्कार असो, वक्ता आधी आईच्या टोपलीवर यायचा, मग विद्यापीठावर, आणि लोक टाळ्या वाजवायचे. मी मान खाली घालून बसायचो, नम्र दिसावं म्हणून. आई पहिल्या रांगेत असायची. तिला हे आवडत नसे. घरी आल्यावर म्हणायची, "मी मच्छी विकली ती काय यांना भाषणात सांगायला मिळावी म्हणून?"

तिला माझं काम शेवटपर्यंत कळलं नाही आणि मी समजावण्याची फारशी तसदीही घेतली नाही. एकदा तिने सरळ विचारलं होतं.

"तुझ्याकडे मशीन असतं का?"

"नाही. मी सिद्धांताचं काम करतो. कागद आणि पेन."

"त्यातून काही बनतं?"

"बनत नाही. कळतं."

ती बोंबील साफ करत होती. "म्हणजे सरकार तुला कळण्याचा पगार देतं," ती म्हणाली, आणि पुन्हा कधी विचारलं नाही.

मला काय कळलं होतं ते सांगायला हवं, कारण पुढचं सगळं त्यावरच उभं आहे. अतिसूक्ष्म चुंबकांची एक लांबच लांब ओळ आहे असं समजा. प्रत्येक चुंबक फक्त आपल्या शेजाऱ्याला जुमानतो. त्या ओळीत मधेच एक बिघडलेला चुंबक बसवला, तर त्याचा परिणाम किती लांबपर्यंत जाईल, असा प्रश्न होता. डॉक्टरेट झाल्यावर दोन वर्षं मी त्यावर बसलो आणि उत्तर काढलं, की ठरावीक अंतरानंतर तो परिणाम पूर्ण मरतो. परदेशातल्या एका चांगल्या नियतकालिकाने लेख छापला. त्या लेखावर मला विद्यापीठात नोकरी लागली, त्यावरच पहिली बढती मिळाली. ज्या मार्गदर्शकांनी मला पाच वर्षं "जाळं टाकून समीकरणं पकडणारा" म्हणून चारचौघांत चिडवलं होतं, त्यांनी फोन करून अभिनंदन केलं. मी त्यांच्या विनोदांना तेव्हा हसायचो, आणि त्या फोनवरही हसलो.

त्या लेखाच्या सातव्या पानावर एक लांबलचक समीकरण होतं, आठ पदांचं. त्यातलं शेवटचं पद मी गाळलं होतं आणि खाली लिहिलं होतं, हे पद नगण्य आहे हे उघड आहे. आमच्या विषयात असं लिहायची रीत आहे. ज्याला ते उघड दिसत नाही, त्याने लाजून गप्प बसायचं असतं.

ती मुलगी संशोधनासाठी माझ्याकडे आली तेव्हा मी पन्नाशीला टेकलो होतो. दारात उभी राहून म्हणाली, "सर, तुम्ही डहाणूचे ना? मी तलासरीची."

तलासरीपासून आत, डोंगराकडच्या एका पाड्यावरची. वडील चिकूच्या वाडीत मजुरीला जायचे. आश्रमशाळेत राहून शिकली, तालुक्याच्या कॉलेजात बीएस्सी केलं, एमएस्सीला विद्यापीठात आली आणि संशोधनवृत्तीची राष्ट्रीय परीक्षा पहिल्याच खेपेला पास झाली. विभागातले बाकीचे मार्गदर्शक तिला घ्यायला उत्सुक नव्हते. तसं कोणी बोललं नाही. माझ्याकडे जागा नाही, असं सगळ्यांनी एकाच आठवड्यात सांगितलं. मी घेतलं. मी घेतलं हे मी नंतर कितीतरी लोकांना ऐकवलं.

ती फार बोलायची नाही. पट्टी धरून समास आखायची आणि गणिताची एकही पायरी गाळायची नाही. मी दोन ओळींत संपवलेलं तिच्या वहीत दीड पान चालायचं. मी चिडायचो. "इतकं कशाला लिहितेस? हे उघड आहे म्हण आणि पुढे जा."

"सर, मला उघड दिसत नाही," ती म्हणायची. त्यात उद्धटपणा नव्हता. तिला खरंच दिसत नसायचं, म्हणून ती बघायची.

एकदा सुट्टीत मी डहाणूला होतो आणि ती घरी निघाली होती. डहाणू रोडला उतरून तिला तलासरीची एसटी पकडायची होती, मध्ये दोन तास होते. मी घरी जेवायला बोलावलं. आईने भरलेलं पापलेट केलं. त्या दोघी तासभर बोलत बसल्या. सुके बोंबील तिकडच्या बाजारात कसे जातात, कोणत्या महिन्यात लोक घेतात, वाड्यांवरच्या बायका गुजरातीत घासाघीस कशी करतात. मला त्या गप्पांत जागा नव्हती. ती गेल्यावर आई म्हणाली, "ही काटे काढताना घाई नाही करत. शिकेल ही पुष्कळ."

मी तिला माझ्याच लेखाचं काम पुढे न्यायला दिलं होतं. एका बिघडलेल्या चुंबकाऐवजी दोन घातले तर काय होतं, ते बघायचं. सोपं, सुरक्षित काम. माझ्या सूत्रात थोडी भर घालायची आणि प्रबंध लिहायचा. साधारण सव्वा वर्षाने एका दुपारी ती चार पानं घेऊन आली.

"सर, दोन चुंबकांचं करण्याआधी मी एकाचं पुन्हा करून बघितलं. तुमच्या लेखातलं."

"ते कशाला? ते झालेलं आहे."

"शेवटची टर्म जात नाही, सर."

ती सातव्या पानावरच्या त्या गाळलेल्या पदाबद्दल बोलतेय, हे मला आधी कळलंच नाही. "कुठे जात नाही?"

"शून्याकडे जात नाही. ओळ छोटी धरली तर जाते. लांब धरली तर ती टर्म बाकीच्यांपेक्षा मोठी होते. मग परिणाम मरत नाही. कमी होत होत टोकापर्यंत पोचतो."

मी पानं हातात घेतली, वरवर चाळली आणि परत दिली. म्हणालो, टोकाच्या अटी तू चुकीच्या लावल्या असशील, पुन्हा कर. ती "हो सर" म्हणून गेली. आठ दिवसांनी टोकाच्या अटी दोन निरनिराळ्या पद्धतींनी लावून पुन्हा आली. उत्तर तेच. या वेळी मी पानं ठेवून घेतली.

रविवारी सकाळी मी टेबलावर बसलो आणि तिचं गणित पायरीपायरीने तपासलं. तिने काहीच गाळलेलं नसल्यामुळे तपासायला सोपं होतं. दुसऱ्या पानाच्या मध्यावर आलो तेव्हाच मला कळलं. तरी शेवटपर्यंत गेलो, कुठे तरी तिचा पाय घसरला असेल या आशेने. घसरला नव्हता. बायको चहा घेऊन आली. तिला वाटलं मी उत्तरपत्रिका तपासतोय. "चूक सापडली का?" तिने सहज विचारलं.

"नाही," मी म्हणालो.

त्या वेळी माझं प्राध्यापकपद चार महिन्यांवर आलं होतं. मुलाखतीचं पत्र यायचं होतं, आणि अर्जात सर्वांत महत्त्वाचं संशोधन म्हणून मी तोच लेख लावला होता. आता बसून विचार करतो तेव्हा वाटतं, मी तेव्हा खरं सांगितलं असतं तरी पद मिळालं असतं. आपल्या विद्यार्थिनीने आपली चूक काढली, असं मुलाखतीत सांगणारा माणूस त्यांना कदाचित आवडलाही असता. पण हा हिशोब पंधरा वर्षांनंतरचा आहे. तेव्हा मला फक्त एवढंच दिसत होतं, की डहाणूहून आलेला एक माणूस आणि त्याला उभं करणारं एक पान आहे, आणि ते पान ही मुलगी काढून घेते आहे. शिवाय ती तलासरीची होती. माझ्यापेक्षाही लांबून आलेली. मला याचा राग आला होता, हे लिहिताना लाज वाटते, पण आला होता. बाहेरच्या कोणी मोठ्या माणसाने चूक काढली असती तर मी कदाचित निमूट मान्य केली असती.

ती तिसऱ्यांदा आली. संगणकावर पडताळून आणलं होतं, आलेख काढून. मी पानं घेतलीच नाहीत. म्हणालो, "हा विषय आता बंद करू. प्रबंधाच्या दृष्टीने यात काही नाही."

"सर, विभागाच्या चर्चासत्रात एकदा मांडू का? कोणी चूक दाखवली तर मला कळेल."

"चर्चासत्रात अर्धवट गोष्टी मांडायच्या नसतात."

"अर्धवट नाही, सर."

"मी सांगतोय ना."

आलेख घडी करून तिने वहीत ठेवले आणि ती गेली.

मी तिला नवा विषय दिला. संगणकावर हजारो वेळा तीच आकडेमोड करायची, एकेक संख्या बदलून. असा विषय देताना मार्गदर्शकाला माहीत असतं की यातून काही निघणार नाही. ती आठ महिने ते करत राहिली. काहीच निघालं नाही. दरम्यान मी प्राध्यापक झालो. समाजाने डहाणूत सत्कार केला, शाल आणि नारळ दिला.

दोन वर्षं झाली की संशोधनवृत्ती पुढे चालू ठेवायची का, हे समिती ठरवते. समिती तिघांची, पण मार्गदर्शक जे लिहितो त्यावर बाकीचे दोघे सही करतात. मी लिहिलं, 'प्रगती समाधानकारक नाही.' विषय बदलावा लागला, नव्या विषयात निष्कर्ष नाहीत, असं कारण दिलं. प्रत्येक शब्द खरा होता. त्या फॉर्मवर खाली विद्यार्थ्याचीही सही लागते, वाचल्याची. मी तिला बोलावलं. तिने उभ्याउभ्याच वाचलं. मला वाटलं ती रडेल किंवा भांडेल, आणि दोन्हींसाठी मी वाक्यं तयार ठेवली होती.

"सर, खाली तारीख आजची घालू का?" तिने विचारलं.

"हो, आजची."

तिने तारीख घातली, सही केली, पेन माझ्याच टेबलावरचं होतं ते जागेवर ठेवलं. त्या महिन्याच्या अखेरीस तिने वसतिगृह सोडलं. मला भेटायला आली नाही.

पुढे एकदा आईने विचारलं, "ती तलासरीची पोरगी येत नाही आता?"

"सोडून गेली."

"कंटाळली?"

"हो."

त्यानंतर मी घरी आलो की आई माझ्या विद्यार्थ्यांविषयी विचारायची बंद झाली. दोन वर्षांनी आई गेली. तिला काय समजलं होतं, हे मला कधीच कळणार नाही.

त्या मुलीने विद्यापीठ सोडल्यावर साधारण सहा वर्षांनी परदेशातल्या एका तरुण माणसाचा लेख आला. बिघडलेल्या चुंबकाचा परिणाम ओळीच्या टोकापर्यंत पोचतो, असं त्याने दाखवलं होतं. पद्धत वेगळी, उत्तर तिचंच. माझं नाव तळटीपेत होतं: या लेखातला एक अंदाज लांब ओळींसाठी टिकत नाही, एवढंच. मी तो लेख बंद दार करून वाचला आणि आता सगळीकडे बोभाटा होणार म्हणून आठवडाभर वाट पाहिली. कोणी एक शब्द बोललं नाही. एका सहकाऱ्याने व्हरांड्यात थांबवून अभिनंदन केलं, "तुमच्या जुन्या कामाचा उल्लेख झालाय, बघितला." त्याने तळटीप वाचली नव्हती, फक्त मोजली होती. ज्या गोष्टीसाठी मी एका मुलीचं शिक्षण संपवलं, ती गोष्ट खरी की खोटी याच्याशी कोणाला देणंघेणंच नव्हतं. त्या लेखाबद्दल त्या तरुणाला मात्र पुढे मोठी जागा मिळाली.

निवृत्त झाल्यावर आम्ही डहाणूला येऊन राहिलो. घर जुनंच, समोर बांबूंवर बोंबील वाळत असतात, बायकोला सुरुवातीला वास सहन व्हायचा नाही. माणसं मला रस्त्यात थांबवून वाकून नमस्कार करतात. स्टेशनजवळच्या झेरॉक्सच्या दुकानात एकदा माझा एक जुना विद्यार्थी भेटला, आता जवळच्याच एका कॉलेजात शिकवतो. इकडचं तिकडचं बोलताना त्याने सांगितलं, "सर, आमच्या बॅचची ती तलासरीची होती ना, ती तिकडेच एका आश्रमशाळेत विज्ञान शिकवते. तासिकेवर."

तासिकेवर म्हणजे घेतलेल्या तासांपुरती नोकरी. सुट्टीत काही नाही, पुढच्या वर्षी बोलावतील याची खात्री नाही.

मी सहा महिने गेलो नाही. मग एका सकाळी तलासरीच्या एसटीत बसलो. पुढे रिक्षाने गेलो. शाळा माळावर होती, पत्र्याची लांब इमारत, पुढे मोहाचं एक मोठं झाड. तिने मला वर्गातूनच पाहिलं. शिकवणं थांबवलं नाही. तास संपवून बाहेर आली. केसांत पांढरं दिसायला लागलं होतं.

"नमस्कार, सर. इकडे कसे?"

"तुला भेटायला आलो."

मुख्याध्यापकांना कळलं तसे ते धावत आले. विद्यापीठातले प्राध्यापक म्हणून चहा मागवला, मुलांना पटांगणात बसवलं आणि दोन शब्द बोलायचा आग्रह केला. ती बाजूला उभी राहून मुलांना म्हणाली, "हे माझे सर. यांच्याकडे मी दोन वर्षं शिकले." मी दहा मिनिटं काहीतरी बोललो. विज्ञानात प्रामाणिकपणा लागतो, असंही एक वाक्य बोलून गेलो. सवयीने आलं. ती मुलांकडे बघत होती.

मग आम्ही झाडाखाली बसलो. मी म्हणालो, "तुझं गणित बरोबर होतं."

"माहीत आहे, सर."

"मला तेव्हाच कळलं होतं."

"तेही माहीत आहे. तिसऱ्यांदा आले तेव्हा तुम्ही पानं बघितलीच नाहीत. दोनदा बघितली होती. तेव्हाच समजले."

मी त्या परदेशी लेखाविषयी सांगायला लागलो. तिने तोही वाचला होता, मोबाइलवर. "त्याने तेवीस पानं घेतली," ती म्हणाली. "माझं चारात होतं." हे बोलताना तिचा चेहरा पहिल्यांदा थोडा उजळला, आणि मला तो बघवला नाही.

मी विचारलं म्हणून तिने सांगितलं. घरी परतल्यावर वडिलांना वाटलं, मोठ्या शाळेत पोरगी नापास झाली. पाड्यावर सगळ्यांना तसंच वाटलं. नापास नाही, असं तिने आधी सांगून बघितलं, मग सोडून दिलं. दोन वर्षं हद्दीपलीकडे गुजरातेत एका कंपनीत पॅकिंगचं काम केलं. कंपनीची गाडी पहाटे रस्त्यावर यायची. मग लग्न, मग बीएड, मग ही शाळा. मधल्या काळात कॉलेजातल्या जागांसाठी पाच-सहा मुलाखती दिल्या. राष्ट्रीय परीक्षा पास असल्यामुळे बोलावणं यायचं. आत गेल्यावर पहिला प्रश्न तोच, संशोधनवृत्ती बंद का झाली. त्यांच्यासमोर तिचा कागद असायचा, माझ्या शब्दांचा.

"आपण तुझं गणित प्रसिद्ध करू," मी म्हणालो. "अजूनही करता येईल. मी प्रस्तावना लिहीन."

"ते झालंय ना, सर. आता परत कशाला?"

"मग मी काय करू?"

तिने वेळ घेतला नाही. बहुतेक पुष्कळ आधी ठरवून ठेवलं असावं. "मला लिहून द्या. तो शेरा खोटा होता आणि का दिला होता ते. विद्यापीठाला पाठवा आणि एक प्रत मला द्या. मुलाखतीत दाखवता येईल."

मी हो म्हणालो. घरी येऊन लिहायला बसलो तेव्हा समजलं, की मला साधं वाक्य लिहिता येत नाही. तीन दिवस लागले. शेवटी एक पत्र झालं, त्यात मी लिहिलं होतं की संशोधनाच्या दिशेविषयी झालेल्या गैरसमजामुळे सदर विद्यार्थिनीचं मूल्यमापन योग्य प्रकारे होऊ शकलं नाही. ते घेऊन मी पुन्हा तलासरीला गेलो. तिने वाचलं आणि परत माझ्या हातात दिलं.

"गैरसमज कोणाला झाला होता, सर?"

मी पत्राची घडी घालायला लागलो.

"मला नव्हता. तुम्हालाही नव्हता." ती शांतपणे बोलत होती, उत्तरपत्रिकेतली चूक मुलाला दाखवावी तशी. "पत्र नाही दिलंत तरी चालेल. पण हे नको."

दुसरं पत्र मी एका बैठकीत लिहिलं. तिचं गणित बरोबर होतं, ते माझ्या प्रसिद्ध लेखाच्या विरोधात जात होतं, मला ते कळलं होतं, बढतीच्या भीतीने मी तिचा विषय बदलला आणि मुद्दाम प्रतिकूल शेरा दिला. अकरा ओळी झाल्या. विद्यापीठाला रजिस्टर्ड पोस्टाने पाठवलं, एक प्रत तिलाही. घरी ठेवलेली प्रत बायकोला वाचायला दिली. तिने वाचून चष्मा काढला आणि म्हणाली, "इतकी वर्षं मी तुझ्याबरोबर जेवले." पुढे तो विषय तिने स्वतःहून कधी काढला नाही.

विद्यापीठाचं उत्तर चार महिन्यांनी आलं. संबंधित कालावधीचे अभिलेख जतनाची मुदत संपल्याने नष्ट करण्यात आले असून सदर बाबतीत कार्यवाही करणे शक्य नाही. खाली एका सहायक कुलसचिवाची सही. माझा शेरा त्यांच्याकडे शिल्लक नव्हता, म्हणून तो मागेही घेता येत नव्हता. तिच्याकडचा कागद मात्र शाबूत होता.

दरम्यान तिने एका मुलाखतीत माझं पत्र दाखवलं होतं. फोनवर म्हणाली, "सर, त्यांनी बाजूला ठेवलं. म्हणाले, साध्या कागदावर कोणीही लिहून देईल. शिक्का नाही, लेटरहेड नाही."

निवृत्त माणसाकडे शिक्का नसतो. मी प्रतिज्ञापत्र करायचं ठरवलं. तहसील कचेरीबाहेर टाइप करून देणारे बसतात, त्यातला एक माझ्या ओळखीचा, आईचं जुनं गिऱ्हाईक. त्याने मला बसायला खुर्ची दिली, माझा कागद घेतला आणि संगणकावर उतरवायला लागला. 'मी सत्य प्रतिज्ञेवर लिहून देतो की' इथपर्यंत भराभर गेला. मग त्याचा हात मंदावला. त्याने कागद पुन्हा वाचला आणि आजूबाजूला कोणी ऐकत नाही ना ते बघितलं.

"प्रोफेसरसाहेब, असं कोणी स्वतःबद्दल लिहून देत नाही. 'नजरचुकीने' टाकू का? कायद्यात चालतं."

"नको. आहे तसंच."

"उद्या कोणी याचा उपयोग केला तर?"

"करावा म्हणूनच देतोय."

त्याने टाइप केलं, पण नंतर पैसे घेताना माझ्याकडे बघितलं नाही. नोटरीने न वाचताच शिक्का मारला. आठवड्याभरात ती गोष्ट बाजारात पोचली, हे मला नमस्कारांवरून कळलं. काही कमी झाले. काहींनी उलट मला थांबवून सांगितलं, की साहेब, तुमचं मन फार मोठं आहे. तो नमस्कार सगळ्यांत वाईट होता.

प्रतिज्ञापत्र मी स्वतः नेऊन दिलं. पुढच्या मुलाखतीला तिने ते लावलं. या वेळी समितीने वाचलं. एका सदस्याने तिला विचारलं, "ठीक आहे, अन्याय झाला. पण मग नंतर तुम्ही संशोधन पूर्ण का केलं नाही?" तिने काय उत्तर दिलं ते तिने मला सांगितलं नाही. यादी लागली, तिचं नाव नव्हतं.

मी पुन्हा गेलो. काय करायला गेलो होतो ते मलाही नीट माहीत नव्हतं. माहितीच्या अधिकारात अर्ज करू, दुसऱ्या एखाद्या विद्यापीठात नाव नोंदवू, असं काहीबाही डोक्यात होतं. ती वर्गातून बाहेर आली. आज झाडाखाली बसायला म्हणाली नाही. व्हरांड्यातच थांबलो.

मी बोलायला सुरुवात केली तशी तिने हाताने थांबवलं.

"सर, आता पुरे. तुम्हाला जे लिहायचं होतं ते लिहून झालं. मला ते हवं होतं, मिळालं. घरी ट्रंकेत ठेवलंय. वडील होते तोवर मिळालं असतं तर त्यांना वाचून दाखवलं असतं."

"अजून काही करता आलं तर..."

"तुम्ही आलात की हेडमास्तर मला विचारतात, एवढे मोठे प्रोफेसर सारखे कशाला येतात. मी काय सांगू त्यांना? माझ्या तासिकांचं पुढच्या वर्षीचं त्यांच्याच हातात आहे." मग म्हणाली, "तुम्ही येऊ नका."

मी म्हणालो, "नाही येणार."

आत मुलांचा गलका वाढला होता. ती "येते सर" म्हणून वर्गात गेली आणि गलका थांबला. तिने फळ्यावर काहीतरी लिहायला घेतल्याचा आवाज येत होता. मी रस्त्यावर येऊन रिक्षा बघत उभा राहिलो. त्याला दीड वर्ष झालं. ती अजून तिथेच शिकवते, एवढं ऐकून आहे.